मस्टरवरची हौसा

साखर कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला, की आमच्याकडं उन्हाळा सुरू होतो; कॅलेंडर काय म्हणतं ते म्हणो. उसाच्या ट्रॉल्या रस्त्यावरून नाहीशा होतात, त्यांच्यावरची कानठळ्या बसवणारी गाणीही त्यांच्याबरोबर जातात, आणि बारामतीहून इंदापूरकडं निघालं की एसटीत शेजारी बसलेल्या बाईचं बोलणं पहिल्यांदा नीट ऐकू येतं. लिंबाला फुलोरा आलेला असतो. भिगवणला पाणी मागं सरकलेलं असतं आणि उघड्या पडलेल्या गाळाचा वास हायवेपर्यंत येतो. पाटाला पाण्याची पाळी सुटली की नाही, या एकाच विषयावर गावंच्या गावं बोलत असतात. लासुर्ण्यापर्यंत दोन्ही बाजूंना हिरवं दिसतं. तिथून पाट ओलांडून वरच्या अंगाला वळलं, की थोड्याच वेळात हिरवा रंग संपतो आणि मुरमाड माळ लागतात.

त्या माळावर एक वाडी आहे. तिचं नाव इथं लिहीत नाही. माझ्या पुस्तकात ते आहे, आणि त्या पुस्तकामुळं वाडीला इतके पाहुणे झेलावे लागले, की ‘आता कुठं नाव छापलंस तर बघ’ असा दम मला मिळालेला आहे. वाडीला लागून पाझर तलाव आहे. चैत्र सरत आला की तो आटतो आणि तळाला एक मोठा खड्डा उघडा पडतो. लोक त्याला खाण म्हणतात. बहात्तरच्या दुष्काळात तलावाचा बांध घालताना माती-मुरूम तिथूनच काढला होता. एका सकाळी त्या खाणीची दरड कोसळली आणि कामावरच्या पाच जणी तिच्याखाली गेल्या.

यंदाही तलाव आटल्याचा निरोप आलाय. अखिती, म्हणजे अक्षय तृतीया, चार दिवसांवर आली आहे. माझे वडील, तात्या, सकाळपासून तोच चष्मा पुन्हा पुन्हा पुसतायत.

मी आयुष्यभर असलंच लिहीत आलेय. प्लेगात गाव सोडून माळावर झोपड्या घालून राहिलेली माणसं, मानमोडीच्या साथीत आठवड्याभरात ओस पडलेली घरं, पाट खोदताना मेलेले आणि कुठल्याच कागदावर न आलेले मजूर. इतिहासाच्या पुस्तकात जिथं जेमतेम अर्धी ओळ मिळते, तिथं मी खुरपं घेऊन बसते. नोकरी ग्रंथपालाची. सुट्टी लागली की बाकीचे लोक थंड हवेला जायचे आणि मी सरकारी रेकॉर्ड रूममध्ये धूळ खायला. लग्नाच्या पंगतीत नातेवाईक माझ्या शेजारचं पान टाळतात. एक मावशी तर तोंडावर म्हणाली होती, “नंदे, तू एकटी कवा येतच न्हाईस. संगं धा मढी घेऊन येतीस.” मी म्हटलं, मावशी, ती जेवत तरी नाहीत. मावशी काही हसली नाही.

पण मला माझ्या कामाचा अभिमान आहे. खोटा विनय मला जमत नाही, आणि ज्यांना जमतो त्यांच्यावर माझा फारसा विश्वास नाही. आमच्या या भागाबद्दल सगळे गोड बोलतात: ऊस गोड, दूध गोड, माणसं गोड. ते खरंच आहे. पण ज्या पाटावर ही गोडी उभी राहिली, तो पाट इंग्रजांच्या काळातल्या दुष्काळानंतर उपाशी हातांनी खोदला, हेही कुणीतरी सांगायला हवं ना? ते मी सांगते. सांगण्याचा माझा नियम ठरलेला होता: एक कागद आणि तीन तोंडं. कागदावर असेल आणि तीन वेगवेगळ्या माणसांनी सांगितलं असेल, तरच लिहायचं. या नियमाची मला फार घमेंड होती.

खाणीतल्या त्या पाच जणींचा कागद मला सापडला, तोही चैत्रातच. रेकॉर्ड रूममध्ये कापडाच्या रुमालात बांधलेलं दुष्काळी कामाचं मस्टर होतं. मस्टर म्हणजे मजुरांच्या हजेरीचं बाड. गाठ सोडली आणि पहिलं पान उलटताच मी थबकले. ते अक्षर माझ्या ओळखीचं होतं. माझ्या शाळेच्या वह्यांवर नाव त्याच अक्षरात होतं, घरातल्या हळदीच्या डब्यावर ‘हळद’ त्याच अक्षरात होतं. तात्या त्या दुष्काळात मस्टर कारकून होते, हे मला माहीत होतं. कुठल्या कामावर, ते त्यांनी कधी सांगितलं नव्हतं. मी त्या ओळींवरून बोट फिरवत राहिले. उभ्या दांड्याचं, ठसठशीत, एकही खाडाखोड नसलेलं अक्षर. पाच नावांपुढं एकाच तारखेला ‘मयत’. तिसरं नाव होतं हौसा, वय अठरा.

त्या संध्याकाळी मी ती पाच नावं तात्यांना वाचून दाखवली. त्यांनी ऐकून घेतली. “अक्षर माजंच हाय,” एवढंच म्हणाले, आणि कढीपत्त्याला पाणी घालायला मागच्या अंगणात गेले. पाणी त्यांनी सकाळीच घातलेलं होतं. मला वाटलं, गहिवरले असतील. इतकी वर्षं माणसांच्या गप्प बसण्यावर मी पानंच्या पानं लिहिली, आणि घरातलं गप्प बसणं मला वाचता आलं नाही.

वाडीत जाऊन मी तीन तोंडंही मिळवली. तीन वेगळ्या घरांतली, तीन वेगळ्या भावक्यांतली म्हातारी माणसं. तिघांनीही तेच सांगितलं: मेंढरं राखणाऱ्या घरातली थोरली पोर, हौसा. दुष्काळात कळप गेला आणि पोरीला खाणीवर जावं लागलं. कागद झाला, तोंडं झाली. पुस्तक निघालं. त्याला एक पुरस्कार मिळाला. शाल-नारळ, हारतुरे, कॉलेजांत भाषणं. अशाच एका भाषणात, टाळ्यांच्या भरात, मी बोलून गेले, “माझ्या पुस्तकातलं एक जरी नाव चुकीचं निघालं, तर मी लिहिणं सोडीन.” पुढच्या रांगेत बसलेले तात्या त्या वेळी टाळ्या वाजवत नव्हते, हे मला नंतर आठवलं.

मग तो उन्हाळा आला, ज्याच्यासाठी हे सगळं लिहितेय.

बाजाराचा दिवस होता. भर दुपारी दारात एक म्हातारी उभी. सत्तरीच्या आसपासची, काटक, नऊवारी, कपाळावर हिरवं गोंदण, हातात शेंगांची पिशवी. एसटीनं एकटी आली होती.

“पुस्तक तूच ल्हिलंस न्हवं?”

“हो आजी. या, बसा.”

“बसती. आदी पानी दे.”

पाणी पिऊन तिनं पदरानं तोंड पुसलं. तिनं स्वतःचं नाव झुंबरबाई सांगितलं. नातसुनेनं दुपारी-दुपारी माझं पुस्तक तिला वाचून दाखवलं होतं.

“त्यात पाच जनींची नावं हायती. तिसरं वाच.”

मला वाचायची गरज नव्हती. “हौसा,” मी म्हटलं.

“ती म्या,” झुंबरबाई म्हणाली.

खरं सांगायचं तर माझ्या मनात पहिला विचार त्या बाईचा आला नाही. माझ्या शपथेचा आला. याची लाज मला आजही वाटते.

तिनं जे सांगितलं ते असं. खाणीवर काम करताना हौसाच्या पायावर दगड पडला आणि पाय भोपळ्यासारखा सुजला. कामावर खाडा पडला की नाव कमी व्हायचं, आणि कमी झालेलं नाव पुन्हा चढायला मारामार. म्हणून धाकटी बहीण तिच्या नावावर कामाला जाऊ लागली. धाकटी बारा वर्षांची. एवढ्या लहान पोरींना कामावर घेत नसत. पण त्या काळात हे घरोघर चालायचं. आजारी सासूच्या नावावर सून, बाळंतिणीच्या नावावर नणंद. मस्टरवरचं नाव जिवंत ठेवायचं, मग त्याखाली कुणी का राबेना. सकाळी हजेरीला कारकून ‘हौसा’ म्हणून पुकारायचा आणि धाकटी मोठ्या पोरीचा आवाज काढून ‘हाजर’ म्हणायची. वीस दिवस ती अशी हौसा होती. एकविसाव्या दिवशी दरड कोसळली.

“माज्या नावानं गेली,” म्हातारी म्हणाली. “आन नावबी घेऊन गेली.”

वाडीच्या जाणत्यांनी त्याच दुपारी ठरवून टाकलं. बारा वर्षांची पोर खाणीत मेली असं वर कळलं, तर चौकशी लागणार आणि काम बंद पडणार. काम बंद म्हणजे वाडीच्या चुली बंद. तेव्हा मस्टरवर आहे तेच मरण खरं. मेली ती हौसा. पोरींच्या बापानं मान हलवली. पुढच्या साली हौसाचं लग्न ठरलं, आणि त्या वेळी बाप व्याह्यापुढं हात जोडून उभा राहिला. लग्नात नवरीचं नाव बदलायचं तर आपल्यात आहेच. ते नाव एवढं माझ्या मनासारखं ठेवा, म्हणाला. धाकटीचं नाव झुंबर होतं. थोरली तांदळाच्या ताटासमोर बसली, नवऱ्यानं अंगठीनं तांदळात नाव लिहिलं, आणि ती झुंबर होऊन उठली.

“तवापासनं म्या झुंबरच. रेशनकारडावर झुंबर, मतदानाला झुंबर. नातवंडं बी झुंबरआज्जीच म्हनत्यात. बानं तिचं नाव माज्याजवळ ठिवाय दिलं हुतं. पर ठिवायला दिल्यालं कवातरी परत करावं लागतंय का न्हाय?”

मी वही पुढं ओढली.

“अखितीला माहेरी मातीचा करा भरत्यात,” ती पुढं म्हणाली. “पितरांचं नाव घेऊन पानी सोडत्यात. तिच्या कऱ्याला कंदी कुनी नाव घेतलं न्हाय. हौसा म्हनावं तर म्या जिती. झुंबर म्हनावं तरी म्याच जिती. नुसतं मुक्यानं पानी सोडायचं. तू पुस्तकात तिचं नाव घाल. मरान तिचं हुतं, ते तिच्या नावावर कर.”

“आणि तुमच्या नावाचं काय?”

म्हातारी पहिल्यांदाच हसली. “हौसा म्हन की. माजंच हाय.”

तेवढ्यात मला तात्या दिसले. आतल्या दाराच्या चौकटीला धरून उभे होते. किती वेळ, कोण जाणे. मी उठले आणि त्यांच्यावर चढ्या आवाजात बोलले. वडिलांवर आवाज चढवायची माझी ती पहिलीच वेळ. “तात्या, तुम्हाला माहीत होतं. मी नावं वाचून दाखवली तेव्हा गप्प का राहिलात?”

तात्या माझ्याकडं बघतच नव्हते. त्या बाईकडं बघत होते. त्यांनी तिला ओळखलं होतं.

“पोर न्हान हुती,” ते म्हणाले. “आवाज काडायची, पर म्या काय खुळा न्हवतो. पयल्या दिशीच वळकलं. घरी जा म्हनायला पायजे हुतं. म्हनलो असतो तर वाचली असती. कुनाला सांगू? कसं सांगू?” एवढं बोलून ते तिथंच उंबऱ्यावर बसले. माझे तात्या, ज्यांना मी कधी उंबऱ्यावर बसू दिलं नाही म्हणून जे मला चिडवायचे, ते तिथं बसून लहान मुलासारखे रडले.

 मग म्हातारी उठली, त्यांच्यासमोर जाऊन उकिडवी बसली.

“कारकून, हिकडं बगा. तुमी तिला हाकलली असती, तर ती माळावरच्या छपरात माज्यासंगं उपाशी मेली असती. आमच्या घरात तवा काय हुतं? तुमी घेतली म्हनून वीस दिस तिनं कामावर वाटायची ती सुकडी खाल्ली. येताना माज्यासाटी पदरात बांदून आनायची. त्या सुकडीवर म्या उटले. मेली तवा तिचं प्वाट भरल्यालं हुतं. त्या साली कितीजनींचं भरल्यालं हुतं, सांगा.”

तात्यांनी मान वर केली.

“पन्नास वरसं तुमी ह्येच घेऊन बसलाय व्हय?” ती म्हणाली. “अवो, म्या तर तुमचं नाव घेऊन जेवत आल्ये.”

त्या दुपारी आम्ही तिघांनी तिनं आणलेल्या शेंगा भाजून खाल्ल्या. जाताना मी तिला माझ्या शपथेचं सांगितलं. म्हटलं, नाव चुकलं, आता मला लिहिणं सोडावं लागणार.

“सोड की,” ती म्हणाली. “पर आदी माजं ल्ही. मग सोड.”

प्रकाशकाला फोन केला तर तो म्हणाला, शुद्धिपत्रक घालू, एका ओळीचं. ‘हौसा’ऐवजी ‘झुंबर’ असे वाचावे. मी फोनवरच भांडले. एका ओळीत हे मावणार आहे का? मला नवीन प्रकरण हवं होतं. पण प्रकरण लिहायला बसले आणि पेन अडलं. पहिल्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत मी अभिमानानं लिहिलं होतं, की हे मस्टर माझ्या वडिलांच्या अक्षरातलं आहे. आता लिहायचं, की त्या सुंदर अक्षरात खोटं लिहिलेलं आहे? गावात लग्नपत्रिकांवर नावं घालायला आजही लोक तात्यांना शोधत येतात. मी ठरवलं, ‘एक कारकून’ एवढंच लिहू. प्रस्तावनेतली ती ओळ काढून टाकू.

तात्यांनी कच्चा मजकूर मागितला. वाचला. लाल पेन घेऊन ‘एक कारकून’ खोडलं आणि वर स्वतःचं पूर्ण नाव लिहिलं, बापाच्या नावासकट.

“तात्या, लोक काय म्हणतील?”

“लोकांचं तू कवापासनं बगायला लागलीस? अक्षर माजं, तर खोटंबी माजंच. आन ल्हिताना हात आखडू नगंस. मढ्यांचं खरं ल्हितीस, जित्या बापाचं ल्हायला भितीस व्हय?”

माझ्या वडिलांचा मला लहानपणापासून अभिमान होता, पण तो त्यांच्या अक्षराचा होता. त्या दिवशीपासून तो त्यांचा आहे. वाडीतल्या त्या तीन तोंडांवरही मी मनातल्या मनात फार चिडले होते. आता वाटतं, धन्य त्या माणसांची. पन्नास वर्षं, तीन भावक्या, एकमेकांशी बांधावरून भांडण असलेली घरं, आणि एकाच्याही तोंडून चुकून दुसरं नाव निसटलं नाही. माझा तीन तोंडांचा नियम एका वाडीनं दिलेल्या शब्दापुढं टिकला नाही. हरावं तर अशांकडून. नियम आता मी बदललाय: कागद, तोंडं, आणि सगळ्यांत शेवटी घरातल्या माणसाला विचारायचं, मी वाचत होते तेव्हा तू उठून का गेलास?

नवी आवृत्ती यायला पावसाळा उजाडला. पण त्या प्रकरणाची प्रुफं अखितीच्या आत हाती आली, आणि ती घेऊन आम्ही वाडीवर गेलो.

ती सकाळ मी विसरणार नाही. तलावाचा तळ वाळून भेगाळलेला. चपलेखाली ढेकळं फुटत होती. बांधाच्या दगडांना उन्हाचा ताव चढायला लागला होता. ते दगड रचणाऱ्यांतल्या तीन-चार म्हाताऱ्या अजून होत्या. त्यांच्या लेकीसुनांनी त्यांना हाताला धरून खाली आणलं होतं. खाणीच्या काठावर पाच करे मांडले होते, पाण्यानं भरलेले, वर खरबूज ठेवलेले. मला वाटलं होतं, मी दोन शब्द बोलेन. भाषण तयार होतं. पण तात्या पुढं झाले. त्यांनी प्रुफं हातात धरली, चष्मा सारखा केला आणि अचानक मला ओळखू न येणारा आवाज काढला. उंच, खणखणीत, माळावर लांबपर्यंत जाणारा. बाविशीतल्या कारकुनाचा आवाज असणार तो.

ते हजेरी घेत होते.

पहिलं नाव पुकारलं. क्षणभर कुणाला कळेना काय करायचं. मग त्या घरातली सून पुढं आली, कऱ्याला हात लावून म्हणाली, “हाजर.” दुसरं नाव. “हाजर.”

“झुंबर!” तात्यांनी पुकारलं.

सगळ्या वाडीनं त्या म्हातारीकडं पाहिलं. ती सावकाश पुढं आली. तिसऱ्या कऱ्याजवळ वाकली.

“हाजर,” ती म्हणाली. मग पाण्याकडं बघत हळूच, “तू वीस दिस माज्या नावानं म्हनालीस. आज म्या तुज्या नावानं म्हनती.” आणि नाव घेऊन, मोठ्यानं, सगळ्यांना ऐकू जाईल असं नाव घेऊन, तिनं पाणी सोडलं.

चौथं नाव झालं, पाचवं झालं. यादी संपली. बायका पदर सावरायला लागल्या, कुणीतरी खरबूज कापायला सुरी मागितली. तात्या मात्र जागचे हलले नव्हते. त्यांनी प्रुफाचं शेवटचं पान उलटं केलं, कोऱ्या बाजूला बघितलं आणि पुन्हा तोच आवाज काढला.

“हौसा!”

म्हातारी पाठमोरी होती. ती थांबली. मी शेजारीच होते, म्हणून मला दिसलं: आधी तिचा हात वर गेला, शाळेतल्या पोरीसारखा सरळ, आणि मग ती वळली.

“हाय जी कारकून,” ती म्हणाली. “हितंच हाय म्या.”

तात्यांनी खिशातली पेन्सिल काढली. कोऱ्या पानावर, त्याच उभ्या दांड्याच्या अक्षरात, नाव लिहिलं आणि पुढं लिहिलं, ‘हजर’.